अज्ञान पालनकर्ता

मोजणी खात्यात चौतीस वर्षं काढली. निम्मी सातारा जिल्ह्यात, निम्मी सांगलीत. सातबाऱ्यावरची तुमची आवडती नोंद कुठली, असं मला आजवर कुणी विचारलेलं नाही, पण विचारलं तर उत्तर तयार आहे: अ.पा.क. खातेदार अठरा वर्षांच्या आतला असला की त्याच्या नावाला 'अज्ञान' लावायचं आणि पुढे लिहायचं 'अ.पा.क. आई' किंवा 'अ.पा.क. चुलते'. अ.पा.क. म्हणजे अज्ञान पालनकर्ता. आमच्या हायस्कुलातल्या संस्कृतच्या सरांनी याचा विग्रह दोन तऱ्हांनी करून दाखवला असता. अज्ञानाचा पालनकर्ता, म्हणजे लेकराचा सांभाळ करणारा, हा षष्ठी तत्पुरुष. अज्ञान असा जो पालनकर्ता, हा कर्मधारय. सरकारनं यातला कुठला समास धरलाय ते कधी परिपत्रक काढून कळवलेलं नाही. नोकरीत असताना मी तत्पुरुष धरून चालत होतो. निवृत्तीनंतर एका ताब्याच्या प्रकरणात पडलो, आणि कर्मधारयही तितकाच शास्त्रशुद्ध आहे हे ध्यानात आलं.

प्रकरण असं. आमच्या नात्यातलं जोडपं. नवरा साताऱ्याचा, बायको सांगलीची. लग्न ठरवताना दोन्हीकडचे पाहुणे म्हणाले होते, "दोघं कृष्णाकाठचीच की, पाणी एकच." बारा वर्षांत पाण्याला फाटे फुटले. घटस्फोटाचा अर्ज एका कोर्टात, पोटगीचा दुसऱ्या, आणि नुकती नऊ पूर्ण झालेल्या पोरीच्या ताब्याचा तिसऱ्या. कोर्टानं अंतरिम हुकूम केला: पोरगी सांगलीला आईकडे, महिन्यातले दोन शनिवार-रविवार साताऱ्याला बापाकडे, देवाणघेवाण कराडला, एका त्रयस्थ इसमासमक्ष. तो त्रयस्थ इसम मी. माझ्या नावाला कुठल्याच पक्षानं हरकत घेतली नाही, कारण दोघांनाही माझा सारखाच उपयोग नव्हता. शिवाय माणूस मोजणीतला. हद्दीवर उभं राहून दोन्हीकडच्या शिव्या खायचा अनुभव दांडगा.

नावं सांगत नाही. एकाला सातारा म्हणू, दुसरीला सांगली. तीही आता एकमेकांना तसंच म्हणतात. "सांगलीनं खोकल्याचं औषध दिलंय का, विचारा." "साताऱ्याला म्हणावं, बाटलीवर लिहिलंय, वाचता येत असेल तर."

या दोघांचं शहाणपण कुणीतरी लिहून ठेवायला हवं होतं, म्हणून हा लेख.

मुळात आपली भाषाच शहाणी. जमिनीचा ताबा आणि मुलाचा ताबा, यांना तिनं दोन शब्द करण्याचा खर्च वाचवला. ताबा एकदा घेतला की पुढचं सगळं आपोआप येतं: वहिवाट, अतिक्रमण, ताबेपावती, हरकत, फेरफार. १९७३ साली सर्वोच्च न्यायालयानं रोझी जेकब यांच्या खटल्यात म्हटलं की मुलं ही आईबापांची मालमत्ता नव्हेत आणि खेळणीही नव्हेत. न्यायमूर्तींबद्दल पूर्ण आदर राखून सांगतो, त्यांनी आमच्या भागातली वाटणीची भांडणं पाहिलेली नसावीत. मालमत्ता म्हटलं की माणूस जीव टाकतो. तीन गुंठ्यांसाठी तीन पिढ्या तारखा करतो. मुलाला मालमत्तेहून वेगळं काढलं तर त्याच्यासाठी एवढी धावपळ कोण करणार?

देवाणघेवाणीची जागा ठरली प्रीतिसंगमावर. वकिलांना ती मध्यावर वाटली. मला विचारलं असतं तर मध्य कराडच्या थोडा पुढं, कुणाच्या तरी उसाच्या फडात निघाला असता. पण जागा चांगली आहे. कृष्णा महाबळेश्वरला उगवते, कोयनाही महाबळेश्वरलाच. एका डोंगरावरनं निघालेल्या या दोघी वेगवेगळ्या वाटा धरतात आणि कराडला थेट समोरासमोर येऊन एकमेकींना धडकतात. मग काटकोनात वळून गुमान सांगलीकडे चालू लागतात. यशवंतराव चव्हाणांची समाधी तिथंच आहे. समाधीच्या अलीकडे बागेत सिमेंटचा एक बाक आहे. त्याच्या उत्तरेच्या टोकाला सातारा बसतो, दक्षिणेच्या टोकाला सांगली, आणि मधे मी, हद्दीच्या दगडासारखा.

माझ्या मांडीवर दोनशे पानी वही. आधी वही नव्हती. पण दुसऱ्याच खेपेला स्वेटरवरनं प्रकरण हातघाईवर आलं, तेव्हा मी खात्याच्या शिस्तीनं ताबेपावती चालू केली. वानगीदाखल एक नोंद: "शनिवार, सकाळी दहा वाजून पाच मिनिटं. मुलगी एक. दप्तर एक. फ्रॉक दोन, स्वेटर एक (डाव्या कोपरावर उसवलेला, आधीपासून). पाण्याची बाटली एक, झाकण नाही. खोकला, थोडा." आणि रविवारची परतीची: "मुलगी एक. दप्तर एक. फ्रॉक तीन. स्वेटर एक. बाटली एक, झाकण नाही. कंदी पेढे पाव किलो. खोकला, बराच."

खोकला 'थोडा' असताना सांगलीनं ताबा दिला आणि 'बराच' झाल्यावर साताऱ्यानं परत केला, यावर दोन्ही पक्षांनी आपापलं म्हणणं मांडलं. पोरगी मधे उभी राहून खोकत होती, पण तिच्या खोकण्याला पुरावा म्हणता येत नव्हता. ती पक्षकार नव्हती. तिसरा फ्रॉक हा लाच आहे असं पुढच्या तारखेच्या प्रतिज्ञापत्रात आलं. पेढ्यांचा उल्लेखही आला: सांगलीनं ते कामवालीच्या पोरांना वाटले, हा बापाच्या भावनेचा अवमान. उत्तरादाखल सांगलीनं भडंगाचा पुडा काढला. तो आजोळहून पोरीच्या दप्तरात घातला होता आणि साताऱ्याहून न फोडता परत आला होता. भडंग मऊ पडला होता. तो परिशिष्ट म्हणून जोडता येईल का, असं सांगलीनं वकिलांना खरंच विचारलं.

आता माझ्या धंद्यातलं एक गुपित. बांध एका रात्रीत कुणी फोडत नाही. दरवर्षी नांगरट करताना फाळ चार बोटं आत घालायचा. शेजाऱ्याला कळतं तोवर दोन सऱ्या गेलेल्या असतात. साताऱ्यानं ही कला पुरती आत्मसात केली आहे. रविवारी संध्याकाळी सहाला पोरगी परत द्यायची. पहिल्या महिन्यात सहा वाजून दहा. दुसऱ्या महिन्यात उंब्रजला टायर पंक्चर, पावणेसात. दिवाळीच्या आधी साडेसात झाले, आणि एका खेपेला "सकाळी थेट शाळेत सोडतो" असा निरोप आला. सांगलीनंही दुसऱ्या अंगानं नांगर घातला. ऐन शनिवारी चित्रकलेची परीक्षा, मावशीच्या घरची वास्तुशांत, कानाचं दुखणं. वर्षभरात दोघांनी मिळून बांध इतका कोरला की आता तो कुठून जात होता हे फक्त माझ्या वहीत उरलंय.

शेवटी दोन्ही वकिलांनी 'कायमची वाटणी' सुचवायचं ठरवलं आणि मसुदा माझ्याकडे आला. मी आनंदानं बसलो. वाटपाचं आमच्याकडचं सूत्र ठरलेलं आहे: सरस-निरस मानानं. म्हणजे एकाला सगळी काळी आणि दुसऱ्याला सगळा मुरूम, असं करायचं नाही. पोरीचं वर्ष मी तक्त्यात मांडलं. उन्हाळ्याची सुट्टी ही बारमाही बागायत. दिवाळी, विहिरीलगतचा तुकडा. गणपती एकीकडे तर गौरी दुसरीकडे, तशी वाट काढता येते. शाळेचे साधे दिवस ही जिरायत. पाऊस झाला तर पिकतात. सहामाही-वार्षिक परीक्षेचे आठवडे मुरमाड. आणि ताप, उवा, दात पडणं, रात्री भीती वाटून उठणं, गणिताचा गृहपाठ, हा सगळा पोटखराबा. सातबाऱ्यावर पोटखराबा वेगळा दाखवतात, कारण तो लागवडीला लायक नसतो आणि वाटणीत कुणी मागत नाही.

दोन्ही पक्षांना तक्ता फार आवडला. बागायतीवर दोघांनी हक्क सांगितला आणि पोटखराबा दोघांनी एकमेकांना देऊ केला.

अशा माणसांना कायदा साथ देतो का? देतो. मी निवृत्तीनंतर वेळ काढून कायदा वाचला आहे आणि त्याच्याविषयी माझा आदर वाढलाच आहे. १९५६ चा हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा म्हणतो, मुलाचा नैसर्गिक पालक बाप, आणि त्याच्यानंतर आई. पाच वर्षं पूर्ण व्हायच्या आत मात्र मूल सामान्यतः आईकडे असावं. म्हणजे लंगोट, गोवर, रांगणं, रात्रीची रड हा पोटखराबा आईनं कसायचा. मूल 'माझा बाबा' म्हणायला लागलं, की मोजणीला या. ज्यानं ही हद्द आखली तो माझ्याच खात्यातला असावा अशी मला शंका आहे.

'त्याच्यानंतर' या एका शब्दाची गोष्ट तर ऐकण्यासारखी. १९८४ च्या डिसेंबरात लेखिका गीता हरिहरन यांनी आपल्या मुलाच्या नावानं रिझर्व्ह बँकेचे नऊ टक्क्यांचे रोखे घ्यायला अर्ज केला, पालक म्हणून स्वतः सही करून. नवऱ्याची ना नव्हती. उलट दोघांचं तसं ठरलेलंच होतं. बँकेनं अर्ज परत पाठवला. बापाची सही आणा, नाहीतर आईला पालक नेमल्याचा कोर्टाचा दाखला आणा. नवरा-बायको एका बाजूला आणि कायदा दुसऱ्या बाजूला, असं प्रकरण विरळाच. निकाल १७ फेब्रुवारी १९९९ ला लागला. सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की 'बापानंतर' म्हणजे बाप मेल्यावरच असं नव्हे. तो हजर नसला, मुलाकडे लक्ष देत नसला, त्याला ते जमण्यासारखं नसलं, किंवा दोघांचं तसं ठरलं असलं, तरी आई पालक होऊ शकते. मराठीत आपण 'पश्चात' म्हणतो. पश्चात शब्द ऐकला की मला तरी तेराव्याचं जेवण आठवतं, त्यामुळे बँकेतल्या साहेबाला मी दोष देणार नाही. आईनं सही करायची तर आधी बापानं मरायला हवं, हा त्याचा समज मराठी म्हणून बरोबरच होता. कायद्यातला शब्द मात्र अजून तोच आहे.

त्याच्याही आधी, १९७० मध्ये, आपल्या विदर्भातल्या जिजाबाई गजरे यांच्या खटल्यात बाप जिवंत असून वेगळा राहत होता आणि मुलीकडे ढुंकून बघत नव्हता; मुलीची शेती आई पाहत होती. न्यायालयानं आईला पालक मानलं. लक्षात घ्या, हा प्रश्न मुलीच्या शिक्षणावरनं निघाला नव्हता, आजारपणावरनंही नाही. कूळकायद्याचा वाद होता. आईचं पालकत्व जमिनीच्या पोटातून वर आलं. म्हणून मी म्हणतो, मोजणीवाल्याला विचारल्याशिवाय या देशात कुणी कुणाची आई ठरत नाही. (बाईंचं नाव जिजाबाई असावं हा योगायोग. मूळच्या जिजाबाईंनीही मूल पुण्यात वाढवलं आणि नैसर्गिक पालक बंगळुराकडे होते. तेव्हा रोखे काढायचे नव्हते म्हणून निभावलं.)

याच १९५६ च्या कायद्यात आणखी दोन रत्नं आहेत. जो संसार पूर्ण सोडून वानप्रस्थ, यती किंवा संन्यासी झाला, तो नैसर्गिक पालक राहत नाही. म्हणजे ज्यानं राग, लोभ, अहंकार आणि 'मी जिंकलो पाहिजे' ही वासना मुळापासून टाकली, तो मूल सांभाळायला नालायक. यात चूक काय? असा माणूस तारखेला येणार नाही. दुसरं रत्न: अज्ञान मुलीचं लग्न झालेलं असेल तर तिचा नैसर्गिक पालक तिचा नवरा. २००६ च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्यानं अठराच्या आतल्या मुलीशी लग्न करणारा सज्ञान पुरुष गुन्हेगार ठरतो. एका कायद्यानं आरोपी, दुसऱ्यानं पालक. आरोपी आणि पालक एकच असले की तपासात वेळ जात नाही.

पण माझं सर्वांत लाडकं कलम १८७५ च्या सज्ञानतेच्या कायद्यातलं. सगळे अठराव्या वर्षी सज्ञान होतात. मात्र ज्याच्यासाठी कोर्टानं पालक नेमला असेल, तो एकविसाव्या वर्षी. हे कलम १९९९ पर्यंत चालू होतं. ज्या घरातली भांडणं कोर्टाच्या पायरीपर्यंत आली, त्या घरातल्या मुलाला अज्ञानाची तीन वर्षं जादा. इंग्रजांनी आपल्याला एवढं ओळखलं होतं. पुढं कुणाला तरी वाटलं की हा अन्याय आहे, आणि सवलत गेली.

मूल ज्या गावी सर्वसाधारणपणे राहतं तिथल्या कोर्टात अर्ज करायचा, असं १८९० चा पालक व पाल्य कायदा सांगतो. 'सर्वसाधारणपणे' या शब्दात उसाच्या फडाएवढी जागा आहे. जूनच्या पहिल्या आठवड्यात सांगलीनं पोरीचा शाळा सोडल्याचा दाखला काढला आणि नव्या शाळेत नाव घातलं. तिसऱ्या आठवड्यात साताऱ्यानं जुन्या शाळेची वर्षाची फी भरून पावती जोडली. महिनाभर पोरगी दोन गावांत सर्वसाधारणपणे राहत होती. दोन्ही शाळांच्या हजेरीत तिचं नाव होतं. एकीकडे गैरहजेरी लागायची, दुसरीकडे गणवेश नाही म्हणून वर्गाबाहेर.

या सगळ्यावर छत्रासारखं एक वाक्य आहे: अज्ञानाचं कल्याण हाच सर्वोच्च विचार. कायद्यात ते आहे, निकालांत आहे, आणि दोन्ही पक्षांच्या अर्जाच्या पहिल्या परिच्छेदात आहे. मी दोन्ही अर्ज शेजारी ठेवून पाहिले. पहिला परिच्छेद शब्दशः एक. कल्याणाबद्दल या दोघांचं बारा वर्षांत प्रथमच इतकं एकमत झालं होतं. दुसऱ्या परिच्छेदापासून कल्याणाची व्याख्या सुरू होते. ती साताऱ्याच्या अर्जात साताऱ्याला संपते आणि सांगलीच्या अर्जात सांगलीला.

साताऱ्याच्या वात्सल्याबद्दल दोन शब्द लिहिले नाहीत तर अन्याय होईल. पोरगी जन्मल्यापासून सात वर्षं तिला लसीला नेल्याचं त्याला आठवत नाही, पण सात वर्षांनी पोटगीचा अर्ज आला. कलम १२५, जे आता नव्या संहितेत १४४ झालंय. नोटीस हातात पडली त्याच आठवड्यात बापाचा ऊर भरून आला. लेक माझ्याजवळ राहील, तिचं सगळं मी बघतो, पोटगीचा प्रश्नच नको! औषधाच्या दुकानात मिळणार नाही असा गुण त्या कागदात आहे. शासनानं प्रत्येक बापाला लग्नानंतर वर्षभरात एक पोटगीची नोटीस पाठवली तर महाराष्ट्रात पितृप्रेमाचा महापूर येईल, आणि तो सांगलीला नवा नाही.

आमच्या दोन्ही जिल्ह्यांना या विषयात मोठी परंपरा आहे, हेही नव्या पिढीच्या कानावर घातलं पाहिजे. साताऱ्याच्या गादीचा पहिला धनी शाहू महाराज. १६८९ मध्ये रायगड पडला तेव्हा सात वर्षांचं पोर आईबरोबर औरंगजेबाच्या छावणीत गेलं ते १७०७ मध्ये, पंचविशीत सुटलं. आई येसूबाई मात्र ओलीस राहिल्या त्या १७१९ पर्यंत. मूल सोडायचं आणि आई ठेवायची, ही अट दिल्लीकरांना सुचली. आमच्या जिल्ह्यात अजून कुणी अर्जात मागितलेली नाही. दरम्यान इकडे ताराबाई आपल्या छोट्या शिवाजीला गादीवर बसवून कारभार पाहत होत्या. सातबारा असता तर नोंद सरळ होती: अज्ञान शिवाजी, अ.पा.क. आई ताराबाई.

पण ताराबाईंचं खरं मोठेपण पुढचं. शाहू महाराजांच्या अखेरीला त्यांनी सांगितलं की माझा नातू लपवून वाढवलेला आहे. १७५० मध्ये तो रामराजा साताऱ्याला गादीवर बसला. आजीच्या सांगण्याप्रमाणे पेशव्यांना दूर करीना, तेव्हा त्याच वर्षाच्या अखेरीस आजीनं नातवाला अजिंक्यताऱ्यावर अडकवलं. आणि १७५२ मध्ये जेजुरीला खंडोबासमोर शपथ घेऊन सांगितलं, हा माझा नातू नव्हेच. आधी नातं सिद्ध, मग ताबा, मग नातंच रद्द! आजच्या कुठल्याही वकिलाला तीन अर्जांत इतकं साधणार नाही. नातू तेव्हा पंचविशीच्या आसपासचा होता, पण आजीपुढे नातू कधी सज्ञान होतो का? पुढं १८४८ मध्ये कंपनी सरकारनं याच गादीवरचा दत्तक नामंजूर केला आणि राज्य खालसा केलं. मुलगा कुणाचा, हे ठरवताना जमीन कुणाला मिळते ते आधी पाहावं, हा नियम तेव्हापासून पक्का आहे.

सांगलीकरांनी मान खाली घालायचं कारण नाही. सांगली हे शहरच अ.पा.क.च्या भांडणातून जन्मलं. मिरजेच्या पटवर्धनांचा वारस चिंतामणराव लहान, म्हणून कारभार काका गंगाधररावांकडे. पुतण्या मोठा झाला आणि काकांना कारभाराची सवय झाली होती. शेवटी वाटणी. काकांनी मिरज ठेवली, पुतण्यानं १८०१ मध्ये शेजारी सांगलीला राजधानी केली. पालकानं पाल्याची जहागीर वेळेवर सोडली असती तर आज सांगली हे कृष्णाकाठचं एक खेडं राहिलं असतं. तेव्हा जे लोक म्हणतात ताब्याच्या भांडणातून काही चांगलं निघत नाही, त्यांनी आयर्विन पुलावर उभं राहून एकदा शहराकडे बघावं.

शासनही मागे नाही. १७ ऑगस्ट २०२५ ला कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाच्या सर्किट बेंचचं उद्घाटन झालं आणि सातारा-सांगलीकरांची मुंबईची फेरी वाचली. गाडीभाड्यातून वाचलेल्या पैशात आणखी एक अर्ज सहज बसतो. २०१५ मध्ये विधी आयोगानं आपल्या २५७ व्या अहवालात दोन्ही पालकांकडे संयुक्त ताबा द्यायची तरतूद सुचवली होती. ती कायद्यात आलेली नाही, हे बरंच झालं. संयुक्त म्हटलं की सामायिक विहीर आठवते. पाणी दोघांचं आणि मोटर कुणाचीच नाही.

सगळ्यात अवघड भाग राहिला. मूल समंजस असेल तर कोर्ट त्याचं म्हणणं ऐकू शकतं. न्यायाधीश बाईंनी पोरीला आपल्या खोलीत एकटीला बोलावलं. आदल्या दोन आठवड्यांत दोन्ही घरांतून तयारी जोरात झाली होती. सांगलीच्या बाजूनं चार मुद्दे, साताऱ्याच्या बाजूनं पाच. दोन्ही पक्षांच्या मते दुसऱ्या पक्षानं पोरीला पढवलं होतं, आणि आपण फक्त खरं काय ते आठवून दिलं होतं. पंधरा मिनिटांनी ती बाहेर आली. दोघांनी दोन बाजूंनी "काय विचारलं?" म्हणून घेरलं, तर म्हणाली, "आवडता विषय विचारला." पुढच्या शनिवारी गाडीची वाट बघताना ती मला म्हणाली,

"आबा, मी दोन्ही म्हणून दाखवलं."

"दोन्ही म्हणजे?"

"आईनं सांगितलेलं पण, आणि पप्पांनी सांगितलेलं पण. एक पण चूक नाही. मग मॅडम म्हणाल्या, यातलं तुझं कुठलं?"

"मग तू काय सांगितलंस?"

"म्हटलं, माझं पाठ करायचं राहिलं."

हे मी वहीत लिहिलं नाही. वस्तूंच्या यादीत ते बसत नव्हतं.

गेल्या रविवारचं सांगतो आणि थांबतो. संध्याकाळची वेळ, नदीवरनं गार वारं, भेळेच्या गाड्यावर गॅसबत्ती लागलेली. साताऱ्याच्या घड्याळात सहा वाजून चौदा झाले होते, सांगलीच्या मोबाईलमध्ये सहा वाजून वीस. "पाहुणं, चौदा लिहा." "मामा, खोटं लिहू नका, वीस झालेत." सहा मिनिटांवरनं दोघं बाकाच्या दोन टोकांना उभी राहिली. मी पेन उघडून बसलो. हद्दीवरच्या माणसानं आधी बोलायचं नसतं. तेवढ्यात पोरीनं माझ्या हातातलं पेन घेतलं आणि रकान्यात लिहिलं: ६.१७. अज्ञानाच्या लिहिण्याला कायद्यात किंमत नाही, म्हणून दोघांपैकी कुणी हरकत घेतली नाही.

मी खाली सही केली. ती वही उलटीपालटी करत बसली होती. मग विचारलं, "आबा, मला अठरा पूर्ण व्हायला किती शनिवार राहिले? हे कराडचे?"

हिशेब माझ्या हातचा मळ. वर्षाला चोवीस, नऊ वर्षं. "दोनशे सोळा," मी म्हणालो.

तिनं वहीच्या शेवटच्या पानावर २१६ लिहिलं. थोडा वेळ बघितलं. मग ते खोडून २१५ केलं, वही माझ्या मांडीवर ठेवली, आणि बाकाखाली वाकून बाटलीचं झाकण शोधू लागली.